पालुसामी पहिल्यांदाच करतेय, पानं कुठली घेऊ? (ऑकलंड)

मृदगंध: नमस्कार मंडळी. आम्ही ओटाराला भाड्याच्या घरात राहतो. शेजारच्या सामोअन आजी रविवारी चर्चहून आल्या की तोओनाईचं, म्हणजे त्यांच्या रविवारच्या जेवणाचं ताट पाठवतात. आम्ही मांस खात नाही हे कळल्यापासून ताटात पालुसामी आणि उकडलेला तारो, म्हणजे अळूचा कंद, असतो. अळूच्या कोवळ्या पानांत नारळाचं दाट दूध, कांदा, मीठ. बस्स. महिनाभर त्या आजारी होत्या, आता उठल्यात. या रविवारी मला त्यांना करून द्यायचंय. सहा माणसं, साधा ओव्हन, खर्च ३० डॉलरच्या आत. घसा मात्र खाजता कामा नये.

वडीवाली: काळ्या देठाचं वडीचं अळू मिळतंय का बघ. पानं आधी उकडून घे आणि चिंचेचा कोळ लावच. माझ्या सासूबाई चिंचेशिवाय अळूला हात लावत नसत. चमचाभर गूळही घाल.

सिडनीकर: मी ४०० डॉलरचा वाफेचा ओव्हन घेतला, तेव्हापासून पानं लोण्यासारखी होतात. घेऊनच टाका. आणि डब्यावर 'क्रीम' लिहिलेलं बघा. मी एकदा पातळ दुधाचा डबा आणला, पुडी सोडली तर तळाशी नुसतं पाणी.

मालवणी_माणूस: डबा कशाला? दोन नारळ खोवा, पाणी न घालता पिळा, पहिला दाट रस तेवढा घ्या. सामोआच्या राजधानीत, अपियाला, तीन वर्षं कामाला होतो. तिथेही आपल्यासारखंच बसून खोवतात. खरी चव हवी तर अंगणात खड्डा खणून तापल्या दगडांवर करा.

टाकळकर: खड्डा माओरी लोकांच्या हांगीला, म्हणजे जमिनीतल्या भट्टीला लागतो. सामोअन उमू जमिनीवरच रचतात: तापलेले दगड, त्यावर जेवण, वरून पानांचे थर. आणि भाड्याच्या घरात अंगण कसं खणणार?

मालवणी_माणूस: बरोबर, खड्डा नाही. पण उमूची चव ओव्हनला येत नाही, यावर मी ठाम आहे. तिथे ते पोरांचं काम, पहाटे उठून दगड तापवतात. आणि पानांची किंमत त्यांना विचारा. १९९३ साली करपा आला आणि तारोची शेतंच्या शेतं गेली, निर्यात बसली. नंतर रोगाला टिकणारी वाणं आणून पुन्हा उभं केलं.

लौतोकाहून: आमच्याकडे फिजीत आत डब्यातलं कॉर्न्ड बीफ घालतात. तेच करा, चवदार होतं.

वडीवाली: अहो, ती मांस खात नाही म्हणतेय ना. ताई, चिंच विसरू नकोस.

अन्नशास्त्र_शिकवते: खाज येते कॅल्शियम ऑक्झलेटच्या सुईसारख्या स्फटिकांमुळे. चिंचेवर भिस्त ठेवू नका, पान पुरतं शिजायला हवं. १८० अंशाला किमान एक तास, पुड्या जाड असतील तर जास्तच. बोटानं दाबल्यावर शीर जाणवली तर परत आत ठेवा. आधी उकडलं तर जास्त निर्धास्त. घरात कुणाला मुतखडा असेल तर बेतानं वाढा.

सिडनीकर: आधी उकडा, मीही तेच म्हणणार होतो. ओव्हनचं मनावर घ्या.

मृदगंध: सगळ्यांचे मनापासून आभार. काल आजींच्या नातवाला विचारलं. तो म्हणाला, उकडायचं नाही, चिंच नाही, गूळ नाही, वेळ द्यायचा. तसंच करणार. शनिवारी ओटाराच्या बाजारातून कोवळी पानं आणते. नारळ मात्र डब्यातलाच, क्रीमचा.

मृदगंध (रविवार रात्री): झालं. मोठं पान तळहातावर, त्यात लहान होत जाणारी आणखी चार. द्रोण करून कांदा-मीठ घातलेलं क्रीम ओतलं, तोंड जुळवलं, वर केळीचं पान, मग फॉइल. १८० अंशाला दोन तास. खर्च २७ डॉलर. पुडी सोडली तेव्हा पानं काळपट हिरवी, रेशमी झाली होती, कडेला नारळाचं तेल सुटलं होतं. घसा कुणाचाच खाजला नाही. आजींनी पहिला घास तारोच्या तुकड्यानं उचलला, दुसरा हातानं. मग नातवाकडून फॉइल मागून घेतलं आणि उरलेल्या दोन पुड्या स्वतः गुंडाळून ठेवल्या, उद्याच्या न्याहारीला.

वडीवाली ताई, वड्या पुढच्या रविवारी करते, चिंच-गूळ घालून. आजींना चाखायच्यात.