लग्नात पाहुण्यांच्या शुभेच्छा-वहीसाठी स्वस्त इन्स्टंट कॅमेरा : मदत हवी आहे

धागाकर्ती

मंडळी, धाकट्या बहिणीच्या लग्नात शुभेच्छांची नेहमीची वही नको, असं घरात ठरलंय. टेबलावर लगेच फोटो छापून देणारा कॅमेरा ठेवायचा, पाहुण्यांनी फोटो काढून वहीत चिकटवायचा आणि शेजारी दोन ओळी लिहायच्या. कल्पना तिची, अंमलबजावणी माझ्या गळ्यात.

पाहुणे दोनेकशे, बजेट बेताचं. पोलरॉइडचा फोटो मोठा आणि देखणा, पण त्याच्या आय-टाइप नावाच्या फिल्मच्या एका पॅकमध्ये ८च फिल्म आणि फोटो पूर्ण उमटायला १०-१५ मिनिटं. तेवढा वेळ कोण थांबणार? फुजीफिल्मच्या इन्स्टॅक्स मिनी कॅमेऱ्याच्या पॅकमध्ये १० फिल्म आणि दीड-दोन मिनिटांत काम होतं, मात्र चित्र जेमतेम ६२ × ४६ मिमी. तिसरे ते लहान मुलांसाठीचे थर्मल कागदाचे कॅमेरे. सगळ्यात स्वस्त, रोलही स्वस्त, फोटो कृष्णधवल. खरं सांगायचं तर माझा जीव या तिसऱ्यातच अडकलाय.

हे थर्मल फोटो टिकतात का? फिल्म किती घ्यावी? लिहायला पेन कोणतं? आणि कॅमेरा पाहुण्यांच्याच हाती सोपवला तर कितपत निभावतं? जाणकारांनी प्रकाश टाकावा.

रीळवेडा

थर्मलचा नाद सोडा. दुकानाच्या पावतीचा असतो त्याच जातीचा तो कागद. त्यात शाई नसते, उष्णता लागली की कागदावरचा थर काळा होतो, बस्स. पाकिटात राहिलेल्या जुन्या पावतीचं काय होतं ते बघा. ऊन, उष्णता, प्लास्टिकचे कप्पे, काही प्रकारचे गोंद, सगळंच त्याला बाधतं. मुलांना खेळायला झकास, पण वही पुढे कितीतरी वर्षं उघडली जाणार आहे ना?

मिनी घ्या. खर्च कॅमेऱ्यात नसून फिल्ममध्ये आहे, त्यामुळे हिशेब फिल्मचा करा. दोनशे माणसं म्हणजे दोनशे फोटो नव्हेत. लोक जोडीने, कुटुंबाने, घोळक्याने येतात. साठ-सत्तर फोटो धरा, त्यावर वाया जाणारे धरा (डोळे मिटलेले, बोट भिंगावर आलेलं, एखाद्या पोराने छताचा काढलेला). १० पॅक पुष्कळ झाले. ताज्या अल्कलाइन सेलवर साधारण तेवढेच पॅक निघतात, तरी सेलची एक जोडी जवळ असू द्या.

खरी गोम अंतरात आहे. या कॅमेऱ्यांचा फ्लॅश दोन-अडीच मीटरपर्यंतच पोचतो आणि भिंगाचं छिद्र बारीक असतं. आपल्या डोळ्यांना हॉल लखलखीत दिसतो, फिल्मला तो अंधारच. लांबून काढलेल्या ग्रुप फोटोत काळोखात तरंगणारे चेहरे येतात आणि फारच जवळ गेलं तर चेहरे पांढरेफटक. म्हणून टेबलासमोर जमिनीवर चिकटपट्टीच्या दोन खुणा करा, एक फोटो काढणाऱ्यासाठी, एक उभं राहणाऱ्यांसाठी, मध्ये दीड मीटरच्या आसपास. एका फोटोत तीन-चार माणसं, त्याहून जास्त नकोत. मागे लगेच फिकट रंगाचा पडदा हवा. काच किंवा आरसा अजिबात नको, फ्लॅश उलटा येतो.

आणि कॅमेऱ्यापाशी एक माणूस बसवाच. नवीन पॅक घातल्यावर आधी काळं झाकण बाहेर येतं, फोटो नाही. ते पाहून ‘बिघडला वाटतं’ म्हणत कुणीतरी मागचं दार उघडतंच. उरलेल्या फिल्मचा आकडा शून्यावर येण्याआधी दार उघडलं की आतल्या फिल्मला उजेड लागलाच म्हणून समजा.

चिकटवही

पेनाचं मी सांगते. फोटोची पांढरी कड गुळगुळीत प्लास्टिकची असते. जेलपेन तिथे फासतं, बॉलपेन उमटत नाही म्हणून लोक जोर देतात आणि वण उठतो. बारीक टोकाचा पर्मनंट मार्कर ठेवा. कडेवर फक्त नावं, मजकूर वहीत. चिकटवायला ॲसिडविरहित दुहेरी टेप किंवा फोटोचे कोपरे. कडा कापायच्या नाहीत, फोटो दुमडायचा नाही, आत रसायन असतं. हलवायचाही नाही. पालथा-उताणा न करता टेबलावर ठेवला की आपसूक उमटतो.

वही स्पायरलची घ्या. फोटो चिकटवत गेलं की साध्या बांधणीची वही फुगते आणि मिटत नाही.

सावधपंत

अहो, मोबाइलवर काढा आणि छोट्या प्रिंटरवर छापा की! एकही फिल्म वाया जात नाही. डाय-सब्लिमेशनवाला (उष्णतेने रंग कागदात उतरवणारा) घेतलात तर फोटोवर संरक्षक थरही चढतो. इन्स्टंट कॅमेऱ्याच्या फोटोची निगेटिव्ह नसते. पान फाटलं, पाणी सांडलं, संपलं.

रीळवेडा

मुद्दा मान्य, पण मग प्रत्येक जण ‘पुन्हा काढ, माझा नीट आला नाही’ सुरू करणार आणि रांग लागणार. एकाच फोटोत जे आलं ते आलं, मजा त्यातच आहे. लग्नानंतर लगेच सगळ्या पानांचे मोबाइलने फोटो काढून ठेवले की काळजी मिटली.

धागाकर्ती

सगळ्यांचे मनापासून आभार. थर्मल बाद. मोबाइल-प्रिंटरला बहिणीने साफ नकार दिला, त्या टेबलापाशी फोन दिसायलाच नकोत म्हणे. मावसभाऊ बसायला तयार आहे. आता एवढंच सांगा : एक कॅमेरा पुरेल की दोन हवेत? आणि फिल्म आत्ताच घेऊन ठेवली तर चालेल?

रीळवेडा

फिल्म घ्या, फक्त पाकिटावरची मुदत बघा आणि गाडीत तापत ठेवू नका. ती ५ ते ४० अंशांत वापरायची असते. कॅमेरे दोन हवेत, एक अडला तर हाताशी दुसरा. पण दोन्ही विकत घेऊ नका. मिनीची फिल्म मिनीच्या जुन्या-नव्या सगळ्या मॉडेलना चालते (इन्स्टॅक्सच्याच मोठ्या फिल्मवाल्या स्क्वेअर आणि वाइड कॅमेऱ्यांना नाही), त्यामुळे ओळखीत कुणाकडे पडून असेल तर मागून आणा. आणलात की सेल घालून एक पॅक घरीच संपवा. जुन्या कॅमेऱ्यात सेल गळून खराबी झालेली असते, ती आधीच कळलेली बरी.

चिकटवही

आणि त्या घरच्या पॅकमधले फोटो वहीच्या पहिल्या पानावर लावून शेजारी नमुन्याच्या दोन ओळी लिहून ठेव गं. कोऱ्या पानापुढे लोक पेन धरून नुसते उभे राहतात.