मेलोड्रामा म्हणजे नुसती रडारड?

काहीजण म्हणतात की मेलोड्रामा, म्हणजे भावना ठळक करून दाखवणारं नाटक, ही नुसती ओव्हरॲक्टिंग आणि हे खूळ सिनेमाने आणलं. नाही पटलं. शब्दातच मेलो म्हणजे संगीत आहे. लंडनमध्ये 1843 पर्यंत गद्य नाटकाचा परवाना मोजक्याच थेटरांना होता, मग बाकीच्यांनी संगीत घालून वाट काढली, खलनायक आला की एक सूर, नायिकेला दुसरा. मूकपटात पडद्यासमोर पियानो वाजायचा तो याच सवयीतून आला.

1867 चं न्यूयॉर्कचं 'अंडर द गॅसलाइट' हे नाटक घ्या. माणूस रुळांना बांधलेला, नायिका स्टेशनच्या खोलीत कोंडलेली, ती कुऱ्हाडीने दार फोडतेय आणि गाडीचा आवाज जवळ येतोय, म्हणजे एडिटिंगच्या आधीचं एडिटिंगच झालं की हे! सिनेमात अशी दोन ठिकाणची दृश्यं आलटूनपालटून दाखवणारा अमेरिकन मूकपट दिग्दर्शक ग्रिफिथ स्वतः आधी रंगभूमीवरचा नट होता, 'वे डाउन ईस्ट' (1920) हा सिनेमा त्याने नाटकावरूनच केला.

आणि आपल्याकडे? 'एकच प्याला' नाटकात बालगंधर्व ठिगळांचं लुगडं नेसून सिंधू करायचे, नवरा दारूपायी संसार धुळीला मिळवतोय आणि ही जात्यावर दळतेय. ते दुःख शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायचं तर आवाज आणि हात मोठेच लागणार ना. तेच बालगंधर्व 1935 ला इथेच पुण्यात प्रभात फिल्म कंपनीच्या 'धर्मात्मा' सिनेमात संत एकनाथ झाले, पण कॅमेरा हातभरावर आला की तोच अभिनय जड वाटतो. केशवराव दातेही रंगभूमीवरचेच, पण 'कुंकू' सिनेमातला त्यांचा म्हातारा बघा, नुसत्या नजरेने भाव खाऊन जातो. माझ्या मते तिथे मेलोड्रामा संपला नाही, आत मुरला.