सोडा ॲशची किमान आयात किंमत: कारखाने वाचतील, पावडरवाल्यांचं काय? (जुलै २०२५ मधली चर्चा)

धुणीवाला (नऱ्हे):
३० डिसेंबर २०२४ ला केंद्र सरकारने सोडा ॲशवर, म्हणजे धुण्याच्या पावडरीत आणि काचेत लागणाऱ्या सोड्यावर, किमान आयात किंमत लावली. बंदरात पोचेपर्यंतचा भाव टनाला २०,१०८ रुपयांच्या खाली असेल तर माल आणायचाच नाही. मुदत जून २०२५ अखेर होती, ती ३१ डिसेंबर २०२५ पर्यंत वाढवली. 'तात्पुरतं' हा शब्द सरकारी कागदावर दिसला की मी समजून जातो.

मी साधी धुण्याची पावडर करतो. किलोभर पावडरीत ४०० ग्रॅम सोडा, बाकी ॲसिड स्लरी (मळ काढणारं रसायन), मीठ, भरीला डोलोमाइट दगडाची पूड आणि नावाला वास. हिशेब बघा. २०,१०८ वर साडेसात टक्के कस्टम आणि त्यावरचा अधिभार धरला की झाले २१,७६७. शिवाय बंदराचा खर्च आणि न्हावाशेव्याहून घाट चढून येणाऱ्या ट्रकचं भाडं. परदेशी माल याच्या खाली येणार नाही हे पक्कं झालं, मग देशी माल तरी खाली कशाला उतरेल? तो बरोब्बर एक बोटभर खाली उभा राहतो. हे संरक्षण नाही, आमच्या खिशातून दिलेलं अनुदान आहे.

चुनखडी (सिंहगड रस्ता):
सौराष्ट्रात सोडा ॲशच्या प्लांटवर बावीस वर्षं काढली आहेत, तेव्हा थोडं ऐका. आपल्याकडे सोडा बनवावा लागतो. मीठ, चुनखडी, अमोनिया आणि रात्रंदिवस वाफ, ही सोल्वे पद्धत. टनभर सोड्यामागे टनापेक्षा थोडं जास्तच कॅल्शियम क्लोराइड पाण्यातून बाहेर पडतं, आणि त्यातल्या बहुतेकाला गिऱ्हाईक नसतं. तुर्कस्तानात बेपाझारी आणि कझानला निसर्गाने ट्रोना, म्हणजे सोड्याचं खनिज, जमिनीखाली तयारच ठेवलाय. गरम पाणी आत सोडायचं, विरघळलं की वर ओढायचं. २०२३ पासून चीननेही इनर मंगोलियात असाच नैसर्गिक सोडा मोठ्या प्रमाणावर काढायला घेतला. त्यात तिथली घरबांधणी बसली, खिडक्यांच्या काचेची मागणी आटली. सोलर पॅनेलच्या काचेने काही काळ तोललं, पण किती तोलणार? जगभर माल तुंबला की तो ओतायला सगळ्यांना भारतच दिसतो.

इंग्लंडमध्ये लोस्टॉकचा सोडा ॲश प्लांट २०२५ च्या सुरुवातीला बंद पडला. तोही टाटांचाच. गुजरातेत मिठापूरला टाटांचा सोड्याचा कारखाना आहे, त्याचं तसं होऊ द्यायचं का? आणि तुमच्याच आकड्यांनी, सोडा किलोला २ रुपयांनी वाढला तर पावडर वाढते ८० पैशांनी.

धुणीवाला:
८० पैसे! साहेब, किलोमागे तेवढेच सुटतात मला. माझी पावडर होस्टेलं, खानावळी आणि लॉन्ड्रीवाले घेतात. रुपया वाढवला तर पुढच्या महिन्यात फोन उचलत नाहीत. समोर कोण आहे ते बघा. निरमाचा स्वतःचा सोड्याचा कारखाना आहे, 'घडी' डिटर्जंटवाल्यांचाही द्वारकेजवळ आहे. त्यांच्या या खिशातून गेलेलं त्या खिशात येतं. निरमावाल्या करसनभाईंनी १९६९ साली सायकलवरून तीन रुपये किलोने पावडर विकली म्हणून आपण कौतुक करतो. आज तशी सायकल कोणी काढली, तर सोडा त्याला कोण आणि कुठल्या भावाने देणार, तेवढं सांगा.

भजीप्रेमी:
खायचा सोडाही महागणार का?

चुनखडी:
तो याच सोड्यापासून होतो. पण घाणाभर भज्यांना चिमूटभर लागतो. खा बिनधास्त.

शंकासुर (कोथरूड):
चुनखडीकाका, अर्धीच गोष्ट सांगितलीत. टाटांनी २००८ साली अमेरिकेत ग्रीन रिव्हरची ट्रोना खाण घेतली, केनियातल्या मगादी सरोवराचा नैसर्गिक सोडा त्याआधीपासून त्यांच्याकडे. निरमाने २००७ साली कॅलिफोर्नियातली सर्ल्स व्हॅलीची कंपनी घेतली, ती आहे त्या गावाचं नावच ट्रोना! म्हणजे तिकडे स्वस्त नैसर्गिक सोडा विकायचा आणि इकडे त्याच स्वस्त सोड्याच्या नावाने गळा काढायचा.

दुसरं, आयात शुल्क वाढवलं असतं तर पैसा सरकारी तिजोरीत गेला असता. किमान किंमतीत तो कुठे जातो? एक तर माल येत नाही, नाहीतर परदेशी विक्रेता बिलच वाढवून फरक स्वतः ठेवतो. अँटी डम्पिंगला, म्हणजे पाडलेल्या भावाने ओतलेल्या मालावरच्या शुल्काला, चौकशी लागते, पुरावे लागतात, वापरणाऱ्यांचंही ऐकावं लागतं. इथे एका अधिसूचनेत काम झालं.

चुनखडी:
खाणीच्या नफ्याने मिठापूरची भट्टी पेटत नाही. दोन्हींचे ताळेबंद वेगळे, कामगार वेगळे. पण शुल्काचा मुद्दा मान्य. मलाही रीतसर शुल्कच आवडलं असतं. अडचण एवढीच की चौकशी संपेपर्यंत वर्ष जातं, आणि सोल्वे प्लांट दुकानासारखा शटर ओढून ठेवता येत नाही. चुन्याची भट्टी एकदा गार पडली की पुन्हा चालू करणं काय असतं, ते मी दोनदा पाहिलंय. तिसऱ्यांदा नको.

पेठेतला (रविवार पेठ):
दोन्ही बाजूंना माल विकलाय, म्हणून बोलतो. २०२२ साली युक्रेन युद्ध पेटल्यावर कोळसा आणि गॅस भडकला, तेव्हा दरवाढीची पत्रं इतकी यायची की जुनं पत्र फाइलला लावायच्या आत नवं हजर. तेव्हा कोणी कमाल विक्री किंमत लावली नाही. भाव चढला की 'बाजार आहे', पडला की 'देशाचा उद्योग आहे'. माझं म्हणणं एवढंच, की भावाला तळ बांधलात तर छतही बांधा.

धुणीवाले, तुम्हीही सगळं खापर दिल्लीवर फोडू नका. मागल्या आठवड्यात तुमच्या शेडमध्ये आलो होतो. सोड्याच्या गोण्या फरशीवर, भिंतीला टेकवून, खाली लाकडी फळीसुद्धा नाही. जुलैची हवा पिऊन पन्नास किलोच्या गोणीची वीट झालीय. तुमची पोरं दांडक्याने फोडत होती आणि चाळणीवर उरलेले खडे बाजूला टाकत होती. ते खडे आधी मोजा, मग ८० पैशांवर बोलू.

धुणीवाला:
खडे मी परत दळतो हो! पण फळीचं खरं आहे.

पेठेतला:
दळता, म्हणजे वीजही जाते. जुन्या फळ्या माझ्या गोदामात पडल्यात, टेम्पो आणा. भाव मात्र इथे विचारू नका, फोन करा.