बहुमजली कारखान्यात जड यंत्रे वरच्या मजल्यांवर कशी चालवतात?

प्रश्न : शहरात जागा मिळेनाशी झाल्यामुळे कारखाने एकावर एक मजले चढवून बांधावेत, असे सुचवले जाते, परंतु यंत्रांचा भार, कंपने आणि मालाची ने-आण यांचा मेळ तेथे कसा घालतात?

पहिले उत्तर : माझ्या मते भारापेक्षा मालवाहू लिफ्टची अडचण मोठी आहे. कच्चा माल वर आणि तयार माल खाली एकाच लिफ्टने जात असेल, तर ती बंद पडताच सगळे मजले खोळंबतात. म्हणूनच सिंगापूरमधील अनेक बहुमजली कारखान्यांना रॅम्प दिलेला असून ट्रक थेट वरच्या मजल्यावरील गाळ्याच्या दाराशी उभा राहतो.

दुसरे उत्तर : इटलीतील तुरीन येथील फियाट या मोटार कंपनीच्या लिंगोटो कारखान्यात कच्चा माल तळमजल्यावर येई, जुळणी होत होत मोटार मजल्यामागून मजला वर चढे आणि छतावरील धावपट्टीवर तिची चाचणी होई. १९२३ मध्ये सुरू झालेला हा कारखाना १९८२ मध्ये बंद झाला. लांब, सपाट जुळणी-रांगेला एकमजली शेडच सोयीची पडते, हे मान्य करायला हवे.

तिसरे उत्तर : भाराचे सांगायचे तर धातू दाबून आकार देणारे मोठे प्रेस तळमजल्यावरच ठेवावेत. शिवणकाम आणि इलेक्ट्रॉनिक जुळणी वर निर्वेध चालते. मध्यम यंत्रांखाली कंपने शोषणारे रबरी पाट बसवले, तरी शेजारच्या गाळ्यातील सूक्ष्म मोजमापाला धक्का पोहोचत नाही ना, हे आधी तपासावे.