पैसे स्वतःचे, कात्रीही स्वतःची

कुणीतरी म्हणतं की जपानी कलावंतांवर माहितीपट करायचा तर आधी निर्माता गाठा. जपानी माहितीपटकार काझुहिरो सोदा नेमकं उलट करतात. माहितीपट करताना त्यांनी स्वतःला घालून घेतलेल्या दहा नियमांतला एक म्हणजे खर्च आपल्याच खिशातून. पूर्वसंशोधन, पटकथा, निवेदन, पार्श्वसंगीत सगळं बाद. नाटककार ओरिझा हिराता आणि त्यांच्या सेइनेन्दान या नाटकमंडळीवर सोदांनी २०१२ मध्ये 'थिएटर १' आणि 'थिएटर २' हे माहितीपट काढले. दोन्ही मिळून जवळपास पावणेसहा तास! (चहाचा थर्मास जवळ ठेवा.) तालमीत हिराता संवादातला विराम सेकंदाच्या अंशांनी कमी-जास्त करायला लावतात. टीव्ही वाहिनीच्या तासाभराच्या चौकटीत हे एवढं कुणी ठेवलं नसतं. दुसऱ्या भागात अनुदानासाठीची धावपळ आहे; नाटकाची संस्था चालवणाऱ्यांनी तोच आधी बघावा.