शब्दचर्चा : धोरण की नीती? आणि ‘लाभार्थी’ नेमका कोण?

वडगावची मावशी :
नमस्कार मंडळी. माझी भाची दूरशिक्षणातून समाजकार्य शिकते. पहिल्याच सत्रात ‘सामाजिक आणि सार्वजनिक धोरणाची ओळख’ असा विषय आहे. पुस्तक इंग्रजी, सर समजावतात कन्नडमधून, आणि पोरीचं डोकं मराठी. परवा तिची वही बघत होते. पानभर ‘सार्वजनिक नीती’, ‘आरोग्य नीती’, ‘गृहनिर्माण नीती’. जन्म मराठी शाळेत शिकवण्यात गेला, हात आपोआप लाल पेनाकडे वळला. तर म्हणते कशी, “कन्नडात नीती, हिंदीत नीती, तू एकटीच धोरण म्हणतीस. मी काय चूक लिहितो?” (आमच्या बेळगावकडच्या मुली ‘लिहितो’च म्हणतात, पुणेकरांनी दचकू नये.)

तिचं म्हणणं अगदीच खोटं नाही. संविधानाचा चौथा भाग, अनुच्छेद 36 ते 51, मराठीत ‘राज्य धोरणाची निदेशक तत्त्वे’ आहे आणि कन्नडात ‘राज्यनीतिय निर्देशक तत्वगळु’. 2020 चं शैक्षणिक धोरणसुद्धा कन्नडात ‘शिक्षण नीती’च. कागद एक, बारशी दोन. मग मी लाल रेघ कशाच्या जोरावर मारू?

निपाणीचा वखारवाला :
मावशी, रेघ मारा. ‘त्याला नीती नाही’ म्हटलं की तो माणूस वाईट चालीचा. ‘त्याला धोरण नाही’ म्हटलं की माणूस चांगला असेल हो, पण पुढचं बघत नाही. मराठीत एवढा फरक असताना दोन्ही एकाच खुंटीला कसे टांगणार?

आमची आजी तंबाखूचा दर पडला की वडलांना म्हणायची, “आता धोरणानं घे.” म्हणजे लगेच विकू नको, सगळा वखारीतही कोंडू नको, निम्मा काढ, निम्मा ठेव, सावकाराला चार दिवस थोपव. पुढचं बघून आज धरलेली दिशा, ती मोडून परत धरायची तयारी, आणि कुणाचं आधी भागवायचं याचा हिशेब, सगळं त्या एका शब्दात. सरकारी धोरणात याहून वेगळं काय असतं?

आणि कृपा करून ‘पॉलिसी’ लिहू नका. गावात पॉलिसी म्हटलं की विमा एजंट आठवतो आणि लोक दार लावून घेतात.

पुण्यात अडकलेला बेळगावकर :
‘लोकनीती’ का नको? सुटसुटीत आहे. ‘नी’ म्हणजे नेणे. नेता, नय, नीती एकाच धातूचे. लोकांना कुठे न्यायचं ते ठरवणं म्हणजे लोकनीती. राजनीती, कूटनीती, रणनीती आपण म्हणतोच की. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात आरमाराच्या लाकडासाठी रयतेची आंबा-फणसाची झाडं तिच्या मर्जीविरुद्ध तोडू नयेत, असं बजावलेलं आहे. त्याला आपण राजनीतीच म्हणतो, राजधोरण म्हणत नाही.

वडगावची मावशी :
आज्ञापत्राचा दाखला आवडला. पण ‘लोकनीती’ ऐकून मला लोकांची चालचलणूक आठवते, आणि तिच्यावर परीक्षेत निबंध नको. जोडशब्दात नीती चालते, एकटी उभी राहिली की ती मुलांना शिस्त लावायला लागते. ‘नीती आयोग’ हे नाव तर इंग्रजी आद्याक्षरांचं जुळवलेलं, त्याचा आधार कुणी घेऊ नये.

खानापूरचा ऑपरेटर :
मी पंचायतीत कॉम्प्युटरवर बसतो. दिवसभर कन्नड फॉर्म भरायचे आणि तोंडानं मराठीत समजावायचं, हाच धंदा. तुमची नीती-धोरणाची भांडणं वरची. खरी गंमत खाली आहे.

पहिलं म्हणजे ‘धोरणे’ हा शब्द कन्नडातही आहे, पण त्याचा अर्थ वृत्ती, पवित्रा. पेपरात ‘सरकारद धोरणे’ दिसलं की बहुतेक वेळा कुणीतरी सरकारला झोडपत असतं. तेव्हा भाचीनं कन्नड सरांसमोर ‘धोरण’ म्हणताना जपून.

आता फॉर्मवरचा शब्द, ‘फलानुभवी’. आपण म्हणतो लाभार्थी. विद्यार्थी, परीक्षार्थी, शरणार्थी. ‘अर्थी’ म्हणजे ज्याला काहीतरी हवंय. लाभार्थी हा शब्दानं पाहिला तर अजून रांगेतच उभा आहे. फलानुभवीच्या हातात फळ पडलंय, त्यानं चावाही घेतलाय. पैसे जमा झाले नाहीत म्हणून म्हातारी माझ्या खिडकीत येते, तेव्हा स्क्रीनवर ती फलानुभवी असते आणि माझ्यासमोर लाभार्थी. माझ्या मते मराठी शब्द जास्त प्रामाणिक आहे.

दुसरा शब्द ‘अनुष्ठान’. कन्नडात योजनेचं अनुष्ठान म्हणजे अंमलबजावणी. कामाला लागलो तेव्हा पहिल्याच सभेत ‘अनुष्ठान नीट झालं पाहिजे’ असं ऐकलं आणि मला वाटलं पाऊस नाही म्हणून कुठंतरी अभिषेक घालायचाय. तसंच ‘उद्योग खात्री’. कन्नडात उद्योग म्हणजे काम, नोकरी. आपल्यात उद्योग म्हणजे कारखाना, नाहीतर ‘नसते उद्योग’. महाराष्ट्रात 1972 च्या दुष्काळापासून ‘रोजगार हमी’ हा शब्द रुळला, 1977 मध्ये त्याचा कायदा झाला, केंद्राचा कायदा आला 2005 मध्ये. आमच्याकडच्या बायका मात्र ‘खात्रीच्या कामाला जातो’ म्हणतात. हमी दुसऱ्यानं द्यायची असते, खात्री आपल्या मनाची असते. चर खणून मजुरी दोन महिने लांबली की खात्री उरत नाही, हमी कागदावर राहते.

आणि ‘इलाखे’. कन्नडात खातं, विभाग. आपल्यात इलाखा म्हणजे मुलूख. पूर्वी आपण मुंबई इलाख्यात होतो, आता बारा इलाख्यांच्या दारात असतो. ‘शासक’ म्हणजे तर चक्क आमदार. माझा पुण्याचा मावसभाऊ पाटी वाचून म्हणाला, तुमच्याकडे अजून राजेशाही आहे काय?

निपाणीचा वखारवाला :
कर्नाटकच्या ‘गृहलक्ष्मी’ योजनेतली ‘यजमानी’ राहिली की ओ.

खानापूरचा ऑपरेटर :
होय की. 2023 च्या ऑगस्टपासून घरातल्या कर्त्या बाईला महिन्याला 2000 रुपये. फॉर्मवर ‘मनेय यजमानी’. एका काकूंना विचारलं, “यजमानी कोण?” त्या म्हणाल्या, “यजमान घरी झोपल्यात, बोलवू काय?” आपल्यात यजमान म्हणजे नवरा! ‘कुटुंबप्रमुख’ म्हणावं तर जुन्या माणसांत ‘कुटुंब’ म्हणजेच बायको. शेवटी मी म्हणतो, “रेशन कार्डावर पहिलं नाव कुणाचं?” ते कळतं. 2013 च्या अन्नसुरक्षा कायद्यानं रेशन कार्डावर घरातली अठरा वर्षांवरची सगळ्यात मोठी बाई प्रमुख धरली, म्हणून हा प्रश्न तरी सोपा झाला. नाहीतर यजमानी कोण, यावर सासू-सुनेत माझ्या खिडकीसमोरच लागली असती. लागलीही आहे एकदोनदा.

सीमेपलीकडे 2024 मध्ये ‘लाडकी बहीण’ आली, 1500 रुपयांची. तिकडे नातं बहिणीचं, इकडे घरधनिणीचं. बहिणीला ओवाळणी मिळते आणि ती भावाच्या मर्जीवर. मला यजमानीच बरी वाटते. शब्द परका असेल, पण तिला कुणाचे उपकार मानावे लागत नाहीत.

वडगावची मावशी :
‘सार्वजनिक’वर कुणीच बोललं नाही. उचगावला मळेकरणी देवीला गेले होते. परतीच्या बसमध्ये पुढच्या बाकावर दोघी सख्ख्या बहिणी. एक दिली इथंच हिंडलग्याला, दुसरी महाराष्ट्रात, चंदगड तालुक्यात. वाहकानं आधार कार्डं बघितली. हिंडलग्याच्या बाईला शून्य रकमेचं तिकीट, कर्नाटकातल्या बायकांसाठीच्या ‘शक्ती’ योजनेचं. चंदगडवालीला पैसे. ती म्हणाली, “एका आईचं दूध प्यालो, हिला फुकट आणि मला का?” वाहक बिचारा हसला, “अक्का, आधार बदलून या.” धाकटीनं आपलं शून्याचं तिकीट नीट घडी घालून कमरेच्या पिशवीत ठेवलं, जसं काही ते उद्याही दाखवायचंय.

आता ही बस सार्वजनिक, योजना सार्वजनिक, पण त्यातले ‘सर्व जन’ कोण? 1870 च्या पुण्यातल्या सार्वजनिक सभेपासून हा शब्द आपण मिरवतोय, गणेश वासुदेव जोशींना तर लोक ‘सार्वजनिक काका’च म्हणत. पण बोलण्यात सार्वजनिक नळ म्हणजे ज्याची तोटी कुणीच बदलत नाही तो. भाचीला हे कसं समजावू?

हिंडलग्याचे सर (निवृत्त) :
ताई, तुमची बसच उत्तर देते. ‘सार्वजनिक’ इथे ‘सर्वांचं’ या अर्थी नाही, ‘सत्तेनं लोकांच्या नावानं ठरवलेलं’ या अर्थी आहे. थॉमस डाय या अमेरिकी अभ्यासकानं 1972 मध्ये मांडलेली व्याख्या विद्यार्थ्यांना पहिल्या तासालाच भेटते, तिचा मथितार्थ असा की सरकार जे करायचं ठरवतं आणि जे न करायचं ठरवतं, ते सगळं सार्वजनिक धोरण. आपल्या भागात दुसरा अर्धा भाग वेगळा समजावावा लागत नाही. सीमाप्रश्नाचा दावा 2004 पासून सर्वोच्च न्यायालयात आहे. न ठरवण्याची चव आपल्याला माहीत आहे.

‘सामाजिक धोरण’ हा त्यातला एक वाफा. शिक्षण, आरोग्य, निवारा, पेन्शन, रेशन. लंडनमध्ये रिचर्ड टिटमस यांना 1950 मध्ये सामाजिक प्रशासनाचं प्राध्यापकपद मिळालं, तिथून हा विषय विद्यापीठात पाय रोवू लागला. त्याआधी 1942 चा बेव्हरिज अहवाल, ब्रिटनमधल्या सामाजिक सुरक्षेवरचा. त्यात पाच राक्षस सांगितलेत. चार सोपे : अभाव, रोग, अज्ञान, बेकारी. पाचवा ‘स्क्वॉलर’. ‘अस्वच्छता’ लिहिलं की मुलं झाडू आणतात. दाटीवाटीची घरं, ओल, तुंबलेली गटारं आणि त्यात जगायची सवय, हे सगळं त्यात आहे. मी ‘बकालपणा’ शिकवत असे.

गोष्ट लंडनपासूनच सुरू करायची सक्ती मात्र नाही. शाहू महाराजांनी 26 जुलै 1902 रोजी करवीर संस्थानात रिकाम्या होणाऱ्या जागांपैकी निम्म्या मागासलेल्या वर्गांसाठी ठेवल्या. त्याला ‘हुकूम’ म्हणत, धोरण नव्हे. पण कोणासाठी, किती, कशातून, हे तिन्ही त्यात होतं. निपाणीहून कोल्हापूर किती लांब?

पुण्यात अडकलेला बेळगावकर :
सर, तो ‘स्ट्रीट लेव्हल ब्यूरोक्रॅट’ही आहे ना अभ्यासक्रमात? त्याला मी कुठेतरी ‘रस्ता-स्तरीय नोकरशहा’ असं वाचलं.

हिंडलग्याचे सर (निवृत्त) :
मायकेल लिप्स्की, 1980. शिक्षक, पोलीस, नर्स, कारकून. ज्यांच्या हातून धोरण प्रत्यक्ष लोकांपर्यंत पोचतं आणि पोचता पोचता बदलतंही. ‘रस्ता-स्तरीय’ म्हणजे डांबर टाकणारा वाटतो. मी ‘खिडकीवरचा माणूस’ म्हणेन. आपल्या चर्चेत एक बसलाच आहे.

खानापूरचा ऑपरेटर :
माझ्या हातात काय बदलायचंय सर, सर्व्हर बदलतो. पण खरं सांगू, आधारावर ‘चव्हाण’ आणि रेशन कार्डावर ‘चौहान’ असलं तर अर्ज परत पाठवायचा की नावाचं पत्र जोडून पुढं ढकलायचा, हे दिवसातनं दहा वेळा मीच ठरवतो. कुठल्याच सुत्तोल्यात ते लिहिलेलं नसतं. (सुत्तोले म्हणजे परिपत्रक.) बाईच्या मागं रांग किती आहे, त्यावर पण असतं.

हिंडलग्याचे सर (निवृत्त) :
याचाच अभ्यास प्रेसमन आणि विल्डाव्हस्की या अभ्यासकांनी अमेरिकेतल्या ओकलंड शहरात केला, त्यांचं पुस्तक 1973 चं. वॉशिंग्टनला ठरलेली योजना तिथे पोचेपर्यंत इतक्या लोकांच्या होकाराची गरज पडली की तिचं फार थोडं उरलं. मराठीनं ते शब्दातच सांगून ठेवलंय : अंमल वेगळा, बजावणी वेगळी.

वडगावची मावशी :
भाचीला सगळं वाचून दाखवलं. तिनं ‘नीती’ खोडून ‘धोरण’ केलं, ‘बकालपणा’ला खूण केली, पण ‘फलानुभवी’ तसाच ठेवलाय. म्हणते, सरांना समजेल तरी. सोमवारी टिपण द्यायचंय आणि ‘स्टेकहोल्डर’ अजून अडलाय. ‘भागधारक’ शेअरबाजारात जातो, ‘हितसंबंधी’ला वास येतो.

खानापूरचा ऑपरेटर :
‘संबंधित लोक’ लिहा की ओ, मावशी. आम्ही तेच टाइप करतो.