मदत हवी आहे: प्लेस्टेशन १ ची बायोस फाइल आणि रेट्रोआर्क

म्हापशात घरी जुना पाल (युरोपच्या टीव्ही पद्धतीचा) प्लेस्टेशन आहे, मॉडेल एससीपीएच-७५०२. पावसाळ्यात लेन्सवर बुरशी चढली, डिस्क नुसती घरघरते. म्हणून लॅपटॉपवर (लिनक्स) रेट्रोआर्क (जुन्या कन्सोलचे गेम चालवणारं सॉफ्टवेअर) टाकलं. बायोस (कन्सोल सुरू करणारा त्याचा मूळ प्रोग्राम) याच कन्सोलमधून काढलाय, साइझ बरोबर ५,२४,२८८ बाइट, रेट्रोआर्कच्या सिस्टम फोल्डरमध्येच ठेवलाय. डकस्टेशन या वेगळ्या एम्युलेटरमध्ये तीच फाइल मस्त चालते. रेट्रोआर्कच्या बीटल पीएसएक्स कोअरमध्ये (कोअर म्हणजे त्यात एखादा कन्सोल चालवणारा भाग) मात्र फक्त काळी स्क्रीन. त्याला युरोपसाठी ५५०२ या दुसऱ्या मॉडेलची फाइल लागते असं दिसतं. नाव बदलून, अक्षरं लहान करून पाहिलं, फरक शून्य. पीसीएसएक्स रिआर्म्ड या दुसऱ्या कोअरमध्ये बायोस फाइलशिवाय गेम सुरू होतो, पण जुना सेव्ह उघडत नाही. डाउनलोड लिंक नकोत, स्वतःचाच बायोस वापरायचाय. बीटलमध्ये ७५०२ चा बायोस चालवता येतो का, की कोअरच बदलू?